दोन बॉयलर आणि बोटभर उंची

तर आपण होतो मेलबर्नमधल्या ब्रन्सविकच्या त्या कॉफी-यंत्रांच्या दुकानात, आणि ओत्ताव्हिओ झानात्ता काउंटरच्या पलीकडे जाऊन, गुडघे टेकून, एका चकचकीत यंत्राला टेप लावून बसला होता. दुकानातली टॅमसिन त्याच्यासाठी केलेला कप हातात घेऊन उभी. कॉफी निवत चाललेली. शेवटी तिने घसा खाकरला.

"ओत्ताव्हिओ, एक विचारू? तुम्ही कॉफीत दूध घालता का?"

ओत्ताव्हिओ असा दचकला, जणू तिने त्याला नुसत्या बनियनवर चर्चमध्ये जायला सांगितलं होतं.

"मी? दूध?"

"मग दोन बॉयलर कशाला हवेत तुम्हाला? एक बॉयलर कॉफीचं पाणी तापवतो, दुसरा वाफ करतो, आणि वाफ लागते ती दूध फेसाळायला. दुसरा बिचारा दिवसभर रिकामा तापत बसणार."

"दूध बायको घेते. सकाळी एकदा."

"मग एका बॉयलरचं घ्या ना. लहान, सुटसुटीत. आधी तुमची कॉफी होईल, मग ते वाफेला तापेल, मग त्यांचं दूध. तेवढ्यापुरतं त्यांनी जरा थांबायचं."

"निव्हेस थांबेल?" ओत्ताव्हिओ मनापासून हसला. "पोरी, तू माझ्या बायकोला भेटलेली नाहीस. आणि लहान नको. हे किती म्हणालीस, वरचा कप ठेवायचा कठडा धरून की सोडून?"

त्या दुकानात येणारी माणसं पंपाच्या दाबाबद्दल विचारायची. पाण्याचं तापमान अर्ध्या अंशाने हललं तर काय होईल, म्हणून कपाळाला आठ्या घालायची. बॉयलर तांब्याचा की पोलादाचा, यावर एकमेकांशी हमरीतुमरीवर यायची. नुसती उंची विचारणारं गिऱ्हाईक टॅमसिनने पहिल्यांदाच पाहिलं, आणि तेही दर आठवड्याला येणारं, येईल तेव्हा दोन कप फुकट पिणारं आणि पुन्हा तेच यंत्र मोजणारं.

आता ही उंचीची भानगड काय, ते कळायला आधी ओत्ताव्हिओ कळायला हवा.

इटलीतल्या त्रेव्हीझोकडच्या एका खेड्यातून तो मेलबर्नला आला तेव्हा त्याच्याकडे एक रंधा होता आणि वडिलांनी दिलेली, सपाटी बघायची पाणसळ. पुढे त्याने थॉमसटाउन, रेझर्व्हॉर, लेलर या सगळ्या पट्ट्यातल्या निम्म्या इटालियन घरांची स्वयंपाकघरं केली. कुणाकडे लग्नाला जावो की मयताला, यजमानाशी हात मिळवायच्या आधी त्याचं बोट भिंतीवरच्या कपाटाच्या खालच्या कडेवरून फिरायचं. स्वतः केलेलं असेल तर चेहरा खुलायचा. दुसऱ्याने केलेलं असेल तर मयताच्या घरी शोभेल असा व्हायचा.

आणि अभिमान एकाच गोष्टीचा: आपण टांगलेलं कपाट केसभरही खाली येत नाही. कोबर्गच्या एका बाईने एकदा फोन केला, की तुझं कपाट खाली आलंय, दार घासतं. ओत्ताव्हिओ तडक गेला. पाणसळ लावली, ओळंबा सोडला, जमिनीवर आडवा झाला, बाहेर जाऊन घराभोवती एक फेरी मारली आणि आत येऊन म्हणाला, "बाई, कपाट जिथल्या तिथे आहे. घर हललंय." बाई चिडली. पण तिथली चिकणमाती उन्हाळ्यात आकसते, पावसात फुगते, आणि घर खरंच एका अंगाने कलंडलं होतं. जाताना हा वर तिला सांगून आला, "घर सरळ करून घ्या. नाहीतर माझ्या कपाटावर ताण येतो."

असा माणूस. त्याच्या स्वतःच्या घरात, तिथल्या चालीप्रमाणे, स्वयंपाकघरं दोन. मागच्या पायऱ्या चढून गेलं की चांगलं स्वयंपाकघर. तिथला ओव्हन इतका कोरा, की त्यातलं कंपनीचं माहितीपत्रक अजून कुणी बाहेर काढलेलं नाही. निव्हेस ते रोज पुसते आणि तिथे कधीही काही शिजवत नाही. बूट काढल्याशिवाय तिथे पोपलाही प्रवेश नाही. आणि दुसरं गॅरेजमध्ये. तिथे जुनी शेगडी, लांब टेबल, टोमॅटोच्या सॉसच्या बाटल्या, दारूचे बुधले, छताच्या आकड्यांना लटकणारे सलामी, आणि अ‍ॅल्युमिनियमची काळवंडलेली कॉफीची किटली. गाडी बाहेर रस्त्यावर, उन्हापावसात. गॅरेजमध्ये गाडी ठेवणाऱ्या माणसाला त्या गल्लीत जरा विचित्रच समजत.

रोज दहा वाजता बाजूच्या बोळातून, बेल न वाजवता, दुइलिओ यायचा. आयुष्यभर काँक्रीट ओतलेला माणूस, ओत्ताव्हिओच्या मुलीचा, लोरेदानाचा, बाप्तिस्म्यात धर्मपिता झालेला, म्हणून दोघं एकमेकांना कोंपारे म्हणत. परसातल्या मातीने भरलेल्या बुटांनिशी तो टेबलाशी बसायचा आणि भांडणाला सुरुवात करायचा. लसूण केव्हा लावायचा, द्राक्षं कुठली आणायची, गेल्या रविवारी बोच्चेच्या खेळात कुणाचा गोळा जवळ पडला होता. त्याची बायको गेल्यापासून त्याच्या दिवसात ठरलेली अशी तेवढी एकच गोष्ट उरली होती. दहाची कॉफी होती म्हणून तो सकाळी दाढी करायचा. हे ओत्ताव्हिओला माहीत होतं. दोघांपैकी कुणी ते कधी बोललं नव्हतं.

आणि अशात लग्नाला पन्नास वर्षं झाली, म्हणून लोरेदानाने सांगितलं, "पापा, ती किटली आता फेक. मी तुम्हाला कॉफीचं यंत्र घेऊन देते. एकदम वरच्या दर्जाचं, आयुष्यभर टिकेल असं."

"कुणाच्या आयुष्यभर?" ओत्ताव्हिओने विचारलं.

"पापा."

"नाही, माझ्या असेल तर साधंही चालेल."

"निवड तू कर. घाई नाही, दहा दुकानं फिर."

"निवड त्याने करावी," निव्हेस म्हणाली. "जागा मी सांगणार. यंत्र चांगल्या स्वयंपाकघरात राहील, खिडकीशेजारी, कपाटाखाली. इनेसकडे आहे तसं."

इनेस म्हणजे तिची भावजय. टेम्पलस्टोला, श्रीमंतांच्या वस्तीत राहते.

"इनेस ते वर्षातून दोनदा चालू करते," ओत्ताव्हिओ म्हणाला.

"पण दिसतं रोज."

"आणि दुइलिओ?"

"दुइलिओला काय झालं? यावं त्याने वर. बूट काढावेत, हात धुवावेत, माणसासारखं बसावं."

ओत्ताव्हिओला तिथल्या तिथे पुढचं सगळं दिसलं. वर यंत्र, खाली किटली गेलेली, आणि दुइलिओ घरी दाढी न करता बसलेला. त्याने वाद घातला नाही. पन्नास वर्षांत तो एवढं शिकला होता. उलट अगदी गरीब चेहऱ्याने म्हणाला, "बरं. बसलं तर वर. नाही बसलं तर गॅरेजमध्ये. कबूल?"

"कबूल. कपाटं तूच केलीस, काय बसतं ते तुला कळत नाही होय?"

तिथेच तर मेख होती. निव्हेस ओत्ताव्हिओच्या काखेपर्यंत पोचते. तिचा हात सहज जावा म्हणून लग्नानंतर त्याने ती कपाटं चारचौघांच्या घरी असतात त्यापेक्षा चार बोटं खाली टांगली होती. त्या वेळी तिने त्याबद्दल त्याची पापी घेतली होती. आता त्या चार बोटांवर त्याचा सगळा डाव उभा होता. लहान यंत्रं कपाटाखाली सुखाने जातील. पण दोन बॉयलरवाली यंत्रं अंगापिंडाने थोराड. त्यातलं एखादं तरी नको तिथे डोकं आपटेलच.

म्हणून ही दुकानं फिरणं. घरी आल्यावर लोरेदानाचा फोन यायचा, "पापा, काय ठरलं?" आणि हा दुकानात ऐकलेलं सगळं तिला ऐकवायचा. "अगं, तापमान स्थिर हवं. एकामागून एक चार कप काढले तरी चौथा पहिल्यासारखा हवा." लोरेदाना खूश. बाप या वयात नवीन काही शिकतोय म्हणून मैत्रिणींना सांगत सुटली. निव्हेस मात्र वाटाणे सोलता सोलता नवऱ्याकडे तिरक्या नजरेने बघायची.

अडचण अशी झाली, की ओत्ताव्हिओ प्रेमात पडला.

सगळ्यात उंच जे यंत्र होतं, त्याचा पंप जुन्या ट्रॅमसारखा खडखडायचा आणि कॉफी लागायची जळकट. त्याच्या शेजारी उभं होतं दुसरं. लाकडी मुठीचा दांडा, आवाज मांजराच्या घोरण्याइतका, आणि कॉफी अशी, की पहिल्या दिवशी कप खाली ठेवून ओत्ताव्हिओ जरा वेळ नुसता उभा राहिला. मग त्याने टेप काढला आणि त्याचं तोंड उतरलं. ते बसत होतं. कपाटाच्या खाली, पोस्टाचं पाकीट जाईल एवढी फट ठेवून, बसत होतं.

पुढे एका आठवड्यात तो दुइलिओला घेऊन आला. दुइलिओ खडखड्याची कॉफी प्यायला आणि त्याने तोंड पुसलं. मग मांजरवाल्याची प्यायला. कप उलटा करून तळाशी उरलेला थेंब बघितला.

"कोंपारे," तो म्हणाला, "हे."

"हे बसतं," ओत्ताव्हिओ दुःखाने म्हणाला.

"अरेरे."

टॅमसिनने दोघांकडे आळीपाळीने बघितलं. "बसतं तर चांगलंच ना?"

दोघा म्हाताऱ्यांनी तिच्याकडे असं पाहिलं, जसं मोठी माणसं लहान मुलाकडे पाहतात. मग ओत्ताव्हिओने सगळं सांगितलं. वरचं स्वयंपाकघर, गॅरेज, निव्हेस, करार. दाढीचं तेवढं सोडून. टॅमसिन ऐकताना ओठ दाबून हसू आवरत होती. संपल्यावर ती खाली वाकली आणि यंत्राच्या एका पायाला हात लावला.

"हे बघितलंत का?"

पाय फिरत होता. आट्यांचा होता. ओटा वाकडातिकडा असेल तर यंत्र पाणसळीत आणायला कंपनीने ठेवलेली सोय. चारही पाय पूर्ण बाहेर काढले की यंत्र बोटभर वर.

ओत्ताव्हिओने तो पाय स्वतः फिरवून बघितला. उभा जन्म पाणसळ घेऊन फिरला, इतक्यांदा गुडघे टेकून यंत्र मोजलं, आणि पाय काही दिसले नाहीत.

"बोटभर पुरेल," तो म्हणाला.

"मी काही सांगितलेलं नाही," टॅमसिन म्हणाली. "मी दुकानात नव्हतेच. पाय पूर्ण बाहेर काढूनच पाठवू ना?"

यंत्र आलं. दोन धिप्पाड माणसांनी बूट काढून, धापा टाकत, ते वर नेलं आणि ओट्यावर ठेवलं. निव्हेसने केस विंचरून नवा एप्रन घातला होता. त्यांनी यंत्र आत सरकवलं. कठडा कपाटाच्या कडेला टक्कन लागला. पुन्हा सरकवलं. पुन्हा टक्कन.

ओत्ताव्हिओने जिभेने च्च केलं. "काय हे. आता काय करायचं? लोरेदानाने एवढं प्रेमाने दिलेलं."

उंच माणसांना यंत्राचा माथा दिसतो. निव्हेसच्या डोळ्यांसमोर आले पाय. तिने मान तिरकी केली, जवळ गेली, चष्मा वर केला.

"ओत्ताव्हिओ, ह्याच्या पायांना आटे आहेत."

"असतात. सगळ्यांना असतात."

"हे उंच टाचा घालून आलंय." मग त्या दोघा माणसांकडे वळून, "पोरांनो, जरा ही बाजू उचला. आता ही." आणि चारही पाय तिने आपल्या हाताने, बाटलीचं झाकण लावावं तसे, गरागरा आत फिरवले. "वर यायचं तर पायातलं काढूनच यायचं."

यंत्र आत गेलं. वर पाकीटभर फट. त्या दोन माणसांपैकी एकाला हसू आलं, ते त्याने खोकल्यात घातलं.

दुसऱ्या दिवशी दहा वाजता दुइलिओ बोळातून गॅरेजमध्ये आला, तर शेगडी थंड. ओत्ताव्हिओने बोटाने वर दाखवलं. दुइलिओने पायरीवर बसून बूट काढले. डाव्या मोज्यातून अंगठा बाहेर. तो त्याने उजव्या पायाआड लपवला आणि तसाच, तिरका, आत गेला. निव्हेसने सोनेरी कडेचे कप काढले होते, खाली बश्या, बशीत कागदी रुमाल. ती दांडा ओढायला शिकली होती. स्वतःसाठी दूधही फेसाळलं, एकीकडे कॉफी गळत असतानाच, कुणाला न थांबवता. दुसरा बॉयलर कामाला आला तो असा.

"छान आहे," दुइलिओ म्हणाला.

"छानच आहे," ओत्ताव्हिओ म्हणाला.

"आवाज नाही अजिबात."

"नाही ना."

मग फ्रिजचा आवाज ऐकू यायला लागला. त्या खोलीत फ्रिज असा बोलतो हे आजवर कुणाच्या लक्षात आलं नव्हतं. दुइलिओ खुर्चीच्या काठावर, रुमाल मांडीवर धरून, डॉक्टरच्या दारात नंबर लावल्यासारखा बसला होता. निव्हेसने विचारलं, "काय रे, लसूण लावलास?" तो म्हणाला, "लावला." एरवी या एका प्रश्नावर खाली अर्धा तास आरडाओरडा झाला असता.

त्यानंतर त्याचा गुडघा दुखायला लागला. मग त्याच्याकडे पन्हळ दुरुस्त करायला कुणी माणूस येणार होता. मग पुन्हा गुडघा. ओत्ताव्हिओ एकटा वर जाऊन कॉफी प्यायचा, छान आहे म्हणायचा आणि खाली गॅरेजमध्ये जाऊन रिकाम्या टेबलाशी बसायचा. निव्हेसपुढे तक्रार म्हणून केली नाही. करार तो करार. यंत्र बसलं होतं.

त्यात एक कटकट वेगळीच. यंत्राच्या पाण्याच्या टाकीचं झाकण वरच्या बाजूला. कपाटाखाली ते उघडायचं कसं? मग खाली फडकं घालून अख्खं यंत्र पुढे ओढायचं, पाणी भरायचं, पुन्हा मागे लोटायचं. "इनेस दोनदाच का चालू करते ते कळलं," निव्हेस एकदा स्वतःशीच म्हणाली.

आणि मग शनिवारी ती पावाच्या दुकानात गेली. रांगेत तिच्या पुढे एक म्हातारा. गालावर पांढरी खुंटं, स्वेटरचं बटण चुकलेलं. दुकानदाराने नावाने हाक मारली तेव्हा तिला कळलं की हा दुइलिओ. तो वळला, तिला बघून ओशाळला आणि त्याचा हात आपसूक गालावर गेला.

"गुडघा कसा आहे?" निव्हेसने विचारलं.

"कुठला?" दुइलिओ म्हणाला, आणि मग घाईने, "बरा आहे, बरा आहे."

ती घरी आली. पाव टेबलावर ठेवला. आणि तशीच चांगल्या स्वयंपाकघरात गेली.

ओत्ताव्हिओ गॅरेजमध्ये किटली घासत होता. तेवढ्यात घरातून आवाज यायला लागले. काहीतरी ओढल्याचा, मग धप्प, मग त्यांच्या गावाकडच्या व्हेनेतो बोलीतली एक जुनी शिवी, जी निव्हेसची आई कोंबड्यांना द्यायची. मग पुन्हा धप्प. ओत्ताव्हिओ हलला नाही. चांगल्या स्वयंपाकघरात निव्हेस काही करत असेल तर बोलावल्याशिवाय जायचं नाही, हा त्या घरचा कायदा.

"ओत्ताव्हिओ! वर ये."

त्याने बूट काढले, वर गेला. यंत्र ओट्याच्या कडेला ओढलेलं. शेजारी पोलेंता, म्हणजे मक्याच्या पिठाची घट्ट लापशी, ढवळायचा तो लांब जाड दांडका पडलेला, आणि त्याखाली टेकू म्हणून उलटं ठेवलेलं पाट्यासारखं लाकूड. निव्हेसचे केस विस्कटलेले, गाल लालबुंद, कपाळावर घाम. तिने दोन्ही हातांनी यंत्र मागे लोटलं.

टक्कन.

"हे बसत नाही," निव्हेस म्हणाली.

ओत्ताव्हिओने यंत्राकडे बघितलं. पाय चारही पूर्ण बाहेर, आटे चमकत होते. दांडक्याकडे बघितलं. मग बायकोकडे. 'काल तर बसत होतं' हे शब्द अगदी जिभेच्या टोकावर आले होते, ते त्याने गिळले. तिच्या डोळ्यांत हसूबिसू काही नव्हतं. ती अगदी कडक उभी होती, हात कमरेवर, जसं कुणी खोटं पडायला तयार नसलेलं माणूस उभं राहतं.

"बघ, पुन्हा दाखवते." टक्कन. "करार काय होता? बसलं तर वर, नाही बसलं तर खाली. मला काय, मी येईन खाली माझं दूध घ्यायला. पण मी विचारते, आख्खं आयुष्य तू लोकांची स्वयंपाकघरं केलीस. एवढं महागाचं यंत्र निवडताना तू मोजलं नव्हतंस का?"

आता हो म्हणावं तर खोटं कुणाचं, हे बोलावं लागणार. नाही म्हणावं तर कारागिराची अब्रू गेली. ओत्ताव्हिओने सावकाश खिशातून टेप काढला. ओट्यापासून कपाटापर्यंत लावला. भिंतीतल्या खुंटीवरची वडिलांची पाणसळ आणली, कपाटाच्या खालच्या कडेला टेकवली. बुडबुडा अगदी मधोमध उभा राहिला, जसा कपाट टांगलं त्या दिवशी होता. ओत्ताव्हिओने त्या बुडबुड्याकडे जरा जास्तच वेळ बघितलं. मग पाणसळ उलटी करून काखेत धरली, मान हलवली, आणि जे जन्मात कधी कुणापुढे बोलला नव्हता ते बोलला.

"मोजलं होतं, निव्हेस. माझं कपाट खाली आलंय. दुइलिओला फोन लाव, म्हणावं हे खाली न्यायला दोन माणसं लागतात, लगेच ये, आणि बूट काढायची गरज नाही."